साध्या पक्ष्यांची पक्की नोंद

पक्षी पाहू या : लेखांक ६

गेल्या आठवड्यात आपण दुर्बिणीची निवड पाहिली. दुर्बीण हाती आली की पुढचा प्रश्न येतो तो वहीचा. जे पाहिले ते कुठे लिहायचे, कसे लिहायचे आणि मुळात लिहायचे कशासाठी? पूर्वी याला एकच उत्तर होते : खिशात मावेल अशी वही आणि पेन्सिल. आज बहुतेकांच्या खिशात फोन असतो आणि त्यात ‘ई-बर्ड’ नावाचे मोफत ॲप घेता येते. या लेखांकात त्या ॲपवर आपली स्वतःची नोंद कशी ठेवायची ते पाहू. बटणे कुठे आहेत हे पाच मिनिटांत कळते. पण नोंद उपयोगी कशामुळे होते हे समजून घ्यायला थोडा अधिक वेळ द्यावा लागतो, आणि तो द्यायलाच हवा.

ई-बर्डची सुरुवात 2002 साली अमेरिकेत झाली. कॉर्नेल विद्यापीठाची पक्षिशास्त्र प्रयोगशाळा आणि नॅशनल ऑड्युबॉन सोसायटी यांनी ते उभे केले. 2010 पासून जगातल्या कुठल्याही ठिकाणची नोंद त्यात करता येऊ लागली. भारतात ‘बर्ड काउंट इंडिया’ हा अनेक संस्था आणि गटांचा मिळून झालेला उपक्रम हे काम पाहतो. तुम्ही केलेली नोंद तुमच्या खात्यात राहते आणि त्याच वेळी संशोधकांनाही उपलब्ध होते. एका वहीचे असे दुहेरी काम पूर्वी कधी झाले नव्हते.

नोंदीचा घटक म्हणजे ‘यादी’. ॲप उघडून नवी यादी सुरू केली की तारीख, वेळ आणि जागा ॲप स्वतः टिपते. चालत असाल तर किती चाललात तेही जीपीएसवरून मोजते. पक्षी दिसला की नाव शोधायचे आणि संख्या टाकायची. फेरी संपली की यादी थांबवायची, जागा निश्चित करायची आणि पाठवायची. रानात नेटवर्क नसले तरी अडत नाही. त्या प्रदेशाची पक्ष्यांची यादी घरूनच फोनमध्ये उतरवून घ्यावी. नोंद फोनमध्ये साठते आणि नेटवर्क आल्यावर पाठवता येते.

यादी पाठवण्याआधी ॲप एक प्रश्न विचारते : तुम्हाला ओळखता आलेल्या सगळ्या पक्ष्यांची ही पूर्ण यादी आहे का? नवखे लोक या प्रश्नावरून बोट फिरवून पुढे जातात. माझ्या मते अख्ख्या ॲपमध्ये यापेक्षा महत्त्वाचा प्रश्न नाही. ‘हो’ म्हणायचे तर कावळा, पारवा, साळुंकी, घार, चिमणी असे जे जे दिसले वा ऐकू आले आणि ओळखता आले, ते सगळे यादीत हवे. एखादा पक्षी ओळखता आला नाही म्हणून यादी अपूर्ण ठरत नाही. ओळखलेला पक्षी ‘त्यात काय लिहायचे’ म्हणून मुद्दाम गाळला, तर मात्र ती अपूर्ण ठरते.

हा आग्रह का? शाळेच्या हजेरीपटाचा विचार करा. वर्गातल्या प्रत्येकाचे नाव पुकारले, तरच एखाद्याची गैरहजेरी खरी मानता येते. पूर्ण यादीचे तसेच आहे. तळ्याकाठी अर्धा तास उभे राहून तुम्ही सगळे पक्षी लिहिलेत आणि त्यात खंड्या नाही, तर ‘त्या अर्ध्या तासात इथे खंड्या आढळला नाही’ ही माहितीही त्या यादीतून मिळते. आवडीचे चार पक्षी तेवढे लिहिलेत, तर खंड्या नव्हता की तुम्ही लिहिला नाही, हे कोणालाच कळत नाही. समजा, एका तळ्यावर यंदा शंभर पूर्ण याद्या झाल्या आणि त्यांतल्या चाळीस याद्यांमध्ये खंड्या आहे. पाच वर्षांनी त्याच तळ्यावरच्या शंभर याद्यांपैकी पंधरांतच तो उरला, तर काहीतरी बदलले आहे हे स्पष्ट होते. पक्ष्यांची शिरगणती न करताही त्यांची वाढ-घट अशी हाती लागते.

याच पायावर ‘स्टेट ऑफ इंडियाज बर्ड्स’ हा अहवाल उभा आहे. 2023 च्या अहवालासाठी तीस हजारांहून अधिक पक्षीनिरीक्षकांच्या सुमारे तीन कोटी नोंदी वापरल्या गेल्या आणि 942 जातींचा आढावा घेतला गेला. दीर्घकालीन कल ठरवण्याइतकी माहिती 338 जातींबद्दल मिळाली. त्यांतल्या 204 जाती घटल्या, 98 स्थिर राहिल्या आणि फक्त 36 वाढल्या. मोर आणि कोकीळ वाढले. दसऱ्याला ज्याचे दर्शन शुभ मानतात तो नीलकंठ मात्र इतका घटला, की त्याच्या जागतिक दर्जाचा फेरविचार व्हावा अशी शिफारस अहवालाने केली. नीलकंठ काही दुर्मीळ पक्षी नव्हता. माळावरच्या तारेवर सहज दिसणारा म्हणून अनेकांनी तो लिहिलाही नसेल. ज्यांनी लिहिला, त्यांच्यामुळे ही घट कळली.

आता नोंदीच्या काही सवयी. पहिली सवय म्हणजे यादी छोटी ठेवणे. पुण्याहून भिगवणला जाऊन आलात आणि दिवसभराची एकच यादी केलीत, तर शंभरेक किलोमीटरच्या टापूत कुठला पक्षी कुठे होता याचा पत्ता लागत नाही. उजनीच्या पाण्याकाठी एक, पुढच्या माळरानावर दुसरी, गावाजवळच्या झाडीत तिसरी, अशा वेगळ्या याद्या कराव्यात. अधिवास बदलला की नवी यादी, हे सूत्र लक्षात ठेवावे. जागा निवडताना ॲप जवळचे ‘हॉटस्पॉट’ दाखवते. नांदूर मधमेश्वर किंवा कर्नाळ्यासारख्या सार्वजनिक ठिकाणी तो हॉटस्पॉटच निवडावा, म्हणजे सगळ्यांच्या याद्या एका जागी जमतात. घराची बाल्कनी किंवा शेताचा बांध मात्र स्वतःची खासगी जागा म्हणून नोंदवता येतो.

दुसरी सवय संख्येची. किती पक्षी होते ते न लिहिता नुसती फुली टाकायची सोय ॲपमध्ये आहे, पण ती शक्यतो टाळावी. अंदाजे आकडा फुलीपेक्षा कितीतरी चांगला. संध्याकाळी भोरड्यांचा थवा रातथाऱ्याकडे जाताना आधी दहा पक्षी मोजावेत, त्या दहांनी थव्याचा किती भाग व्यापला ते पाहावे आणि तेवढे भाग किती होतात ते ठरवावे. सरावाने हा अंदाज बऱ्यापैकी जमतो. एकाच झाडावर पुन्हा पुन्हा येणारा दयाळ मात्र दर वेळी नवा मोजू नये.

तिसरी सवय न ओळखलेल्या पक्ष्यांबाबत प्रामाणिक राहण्याची. हिवाळ्यात पानांआड वळवळणारे पर्णवटवटे ओळखणे अनुभवी लोकांनाही जड जाते. अशा वेळी ‘पर्णवटवट्यांपैकी कोणी’ अशी मोघम नोंद करण्याची सोय ॲपमध्ये आहे, ती बिनदिक्कत वापरावी. ‘मर्लिन’ हे कॉर्नेलचेच दुसरे ॲप आवाज ऐकून नाव सुचवते. शिकायला ते उत्तम आहे, पण त्याने सुचवलेले नाव म्हणजे तुमची नोंद नव्हे. आवाजाच्या दिशेने पाहावे, स्वतःची खात्री करावी आणि मगच नाव यादीत घालावे.

प्रवासात एसटीच्या खिडकीतून नीलकंठ दिसला तर? तेव्हा आपण पक्षी पाहण्यासाठी निघालेलो नसतो, म्हणून ती नोंद ‘सहज दिसलेला’ या प्रकारात करावी. ती पूर्ण यादी होत नाही, तरी कुठे आणि केव्हा ही माहिती जपली जाते.

पाठवलेली यादी तपासलीही जाते. प्रत्येक प्रदेशात कोणत्या महिन्यात कोणता पक्षी साधारण किती संख्येने अपेक्षित आहे, याच्या मर्यादा ठरवलेल्या असतात. पुण्यात भर जूनमध्ये कोणी पांढरा धोबी नोंदवला, तर ती नोंद वेगळी काढली जाते, कारण तो हिवाळी पाहुणा आहे. बारमाही इथेच राहणारा पांढऱ्या भुवईचा धोबी पाहून तशी गफलत होऊ शकते. मग एखादा स्वयंसेवक परीक्षक तुम्हाला लिहून विचारतो : काय दिसले, फोटो आहे का, वर्णन करता येईल का? या विचारणेने बिचकू नये. अनोळखी जाणकाराकडून घरबसल्या शिकायची ती संधी असते. दिसताक्षणी केलेले दोन ओळींचे वर्णन अशा वेळी फार कामी येते.

एक मर्यादा मात्र कसोशीने पाळावी. घरट्याची नेमकी जागा टिपणात लिहू नये. धोक्यात असलेल्या काही जातींचे ठिकाण ई-बर्ड स्वतःच लोकांपासून झाकून ठेवते. तेच भान आपणही ठेवायला हवे. नोंद पक्ष्यासाठी आहे, त्याला त्रास होईल अशी कोणतीही नोंद नको.

या सगळ्यातून तुमच्या पदरात काय पडते? आजवर पाहिलेल्या सगळ्या जातींची यादी आपोआप तयार होते. जिल्ह्याची, राज्याची, वर्षाची अशी वेगवेगळी यादी पाहता येते. काही वर्षे सातत्य ठेवलेत, तर तुमच्या परिसरात चातक पहिल्यांदा कधी येतो, धोबी कधी उतरतात, भोरड्या कधी परततात हे तुम्हाला स्वतःच्या नोंदींवरून सांगता येते. 2007 साली बंगळुरूच्या नॅशनल सेंटर फॉर बायोलॉजिकल सायन्सेसने ‘मायग्रंटवॉच’ हा उपक्रम सुरू केला, तो स्थलांतरित पक्ष्यांच्या अशाच येण्याजाण्याच्या नोंदींसाठी.

घरात कोणाच्या जुन्या डायऱ्या असतील, तर त्याही बाहेर काढा. तारीख, ठिकाण आणि पक्ष्याचे नाव असेल, तर जुनी नोंदही ॲपच्या संकेतस्थळावरून भरता येते. तीस-चाळीस वर्षांपूर्वी काय होते हे सांगणारा पुरावा फार थोडा आहे. आज पक्षी घटले की वाढले हे ठरवताना तुलनेसाठी तोच लागतो. माळ्यावरच्या वहीतली एक ओळसुद्धा म्हणून मोलाची आहे.

महाराष्ट्रात 5 ते 12 नोव्हेंबर हा पक्षी सप्ताह पाळला जातो. मारुती चितमपल्ली यांच्या जन्मदिवशी तो सुरू होतो आणि सालिम अली यांच्या जन्मदिवशी संपतो. फेब्रुवारीत चार दिवस ‘ग्रेट बॅकयार्ड बर्ड काउंट’ असते, त्यात भारत 2013 पासून सहभागी आहे. पण सुरुवात करायला या तारखांची वाट पाहू नका. या आठवड्यात रोज सकाळी एकाच जागी पंधरा मिनिटे उभे राहा आणि दिसेल तो प्रत्येक पक्षी लिहा. गच्ची चालेल, बसथांब्याजवळचे झाडही चालेल. कावळ्यापासून सुरुवात करा, त्याला गाळू नका.

(पुढील लेखांकात : आवाजावरून पक्षी ओळखताना)