बाहेरची आई

योरुबा भाषेत ‘नी’ या छोट्याशा शब्दापुढे ‘इ’ सोडून दुसरा स्वर आला, की त्यातला ‘न’ विरतो आणि ‘ल’ उभा राहतो. आपल्याकडच्या संधीसारखंच हे. ‘ओदे’ म्हणजे बाहेर, मोकळी जागा, चारचौघांतली जागा. ‘नी’ आणि ‘ओदे’ शेजारी आले की ‘लोदे’ होतं, म्हणजे ‘बाहेर’, ‘चारचौघांत’. त्याआधी आई या अर्थाचा ‘इया’ ठेवला की शब्द तयार होतो : इयालोदे. नैऋत्य नायजेरियातल्या योरुबा शहरांत स्त्रीला मिळणाऱ्या सर्वांत मानाच्या पदव्यांपैकी ही एक. शब्दशः अर्थ, ‘बाहेरची आई’.

हे भाषांतर मराठीत लिहिताना माझा हात थबकला. ‘बाहेरची’ हा शब्द आपण बाईला कधी लावतो ते आठवून पाहा. बाहेरची बाई म्हणजे कोण, बाहेर बसणं म्हणजे काय, ‘तिला बाहेरचं लागलंय’ असं कुजबुजत का म्हणायचं, हे मराठी घरात वाढलेल्या कुणालाही सांगावं लागत नाही. आपल्या बोलीत बाईच्या शेजारी ‘बाहेर’ आलं की तो डाग ठरतो. योरुबा भाषेने तेच दोन शब्द शेजारी ठेवले आणि त्यांची पदवी केली. ‘स्त्रियांची पुढारी’ किंवा ‘नगरमाता’ असं गुळगुळीत भाषांतर करता आलं असतं, पण मग या शब्दातला खरा जीव निघून जातो.

योरुबा ही सुरांची भाषा आहे. उंच, मधला आणि खालचा असे तीन सूर, आणि सूर बदलला की अर्थ बदलतो. ‘इया’तला दुसरा स्वर उंच लागला तर आई, तोच खाली उतरला तर ‘यातना’. ‘ओदे’मधले स्वर थोडे अधिक उघडे केले आणि सूर मधला धरला तर ‘शिकारी’ होतो. देवनागरीत हे सूर उतरत नाहीत, म्हणून या लेखातले सगळे योरुबा शब्द वाचकाने थोडे मुके समजूनच वाचावेत.

‘ओदे’चा पसाराही मोठा आहे. लग्नाला, बारशाला, समारंभाला नटूनथटून जाणं म्हणजे ओदेला जाणं. ‘ओदे ओनी’, म्हणजे ‘आजचं बाहेर’, हा आधुनिक काळासाठीचा रुळलेला शब्दप्रयोग. एक जुनी योरुबा म्हण तर सगळं जगच बाहेर काढते : जग हा बाजार आहे आणि स्वर्ग हे घर. माणूस जन्माला येतो तो बाजाराला येतो, व्यवहार आटोपतो आणि घरी परततो. ज्या समाजाने आयुष्याकडेच बाजार म्हणून पाहिलं, त्या समाजात बाजार कुणाच्या हातात होता हे महत्त्वाचं ठरतं. तो बायकांच्या हातात होता. शेती मुख्यतः पुरुषांची, आणि शेतातून आलेला माल, कापड, मीठ, तेल यांची खरेदी-विक्री बायकांची. बाजाराच्या प्रमुख बाईला आजही ‘इयालॉजा’ म्हणतात. ‘ऑजा’ म्हणजे बाजार, आणि इथेही तोच ‘न’चा ‘ल’ झालेला आहे.

‘इया’ हा शब्द नात्यापुरता नाही, तो दर्जाही आहे. ओयो साम्राज्याच्या राजवाड्यातल्या पदांची यादी वाचताना हे स्पष्ट दिसतं. ती यादी देणारा सॅम्युएल जॉन्सन हा योरुबा पाद्री. त्याने योरुबांचा प्रचंड इतिहास १८९७ मध्ये लिहून पूर्ण केला, पण इंग्लंडमध्ये प्रकाशकाकडे पाठवलेलं हस्तलिखित हरवलं. भावाने उरलेल्या टिपणांवरून तो पुन्हा उभा केला आणि १९२१ मध्ये ग्रंथ छापून आला. जॉन्सन सांगतो, की ओयोच्या राजाला, म्हणजे अलाफिनला, ‘इया ओबा’ नावाची अधिकृत आई असे. ‘इया केरे’ म्हणजे धाकटी आई. राजचिन्हं तिच्या ताब्यात असत आणि राज्याभिषेकात मुकुट डोक्यावर ठेवण्याचा अधिकारही तिचाच. ‘इया नासो’ राजवाड्यातल्या शांगो या वीजदेवतेच्या उपासनेची प्रमुख होती. यातल्या कुणीही राजाला जन्म दिलेला नसे. तरी त्या आया होत्या.

यातली इया नासो समुद्रापार गेली. गुलाम म्हणून ब्राझीलला नेलेल्या योरुबांनी साल्वादोर शहरात जी कांदोंब्ले उपासनास्थळं उभी केली, त्यांतल्या अत्यंत जुन्या आणि पूज्य स्थळाच्या नावातच ही पदवी आहे : इले आशे इया नासो ओका. ब्राझीलने १९८४ मध्ये त्याला राष्ट्रीय वारसा म्हणून संरक्षण दिलं. अंगावरचे कपडे, नावं, नाती सगळं हिरावून नेलं तरी एका पदवीतली आई शिल्लक राहिली, हे वाचताना मी बराच वेळ पुढच्या पानावर गेलो नव्हतो.

इयालोदे ही मुळात एका देवीचीही पदवी. ओशुन ही त्याच नावाच्या नदीची देवता, गोड पाण्याची, अपत्यांची, पितळेची आणि संपत्तीची. इफा या भविष्यकथनाच्या मौखिक परंपरेत तिची एक गोष्ट येते. जग घडवायला सतरा देवता पाठवल्या गेल्या. त्यांत ओशुन ही एकटी स्त्री. सोळा पुरुषदेवतांनी तिला सल्लामसलतीत घेतलं नाही. मग पाऊस पडेना, रोगी बरे होईनात, कशालाच यश येईना. सृष्टिकर्त्याकडे तक्रार गेली तेव्हा त्याने विचारलं, सतरावी कुठे आहे? सोळाही जण तिच्याकडे माफी मागायला गेले तेव्हा कुठे कामं मार्गी लागली. अटलांटिकपार क्यूबातले उपासकही ओशुनला याच पदवीने हाक मारतात. ओशोग्बो गावाबाहेरचं तिचं वन २००५ पासून युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत आहे. या गोष्टीतला मुद्दा मला फार नेमका वाटतो. ओशुनला घरातली जागा हवी नाही, तिला सभेतली जागा हवी आहे.

आता देवलोकातून इबादानला येऊ. कारण या पदवीचा सगळ्यात झळाळता आणि सगळ्यात रक्ताळलेला काळ तिथला आहे.

१८२९ च्या सुमारास, जुनं ओयो साम्राज्य मोडत असताना, निर्वासित आणि लढवय्ये यांच्या छावणीतून इबादान वसलं. इथे घराण्याने पद मिळत नसे. जो सैन्य उभारील, माणसं पोसेल, तो वर चढे. बालोगुन हा युद्धप्रमुख, त्याचा उजवा हात ‘ओतुन’, डावा हात ‘ओशी’. इयालोदेचंही असंच होतं. तिलाही स्वतःच्या ओतुन आणि ओशी असत, स्वतःचा दरबार असे, बायकांचे तंटे तिच्यापुढे येत, आणि नगराच्या मंडळात ती युद्ध-तहाच्या चर्चेत बसे. इतिहासकार बोलानले आवे यांनी १९७७ मधल्या लेखात या पदाची रचना प्रथम नीट मांडली, आणि त्यानंतर या विषयावर लिहिणारा प्रत्येक जण त्यांच्या ऋणात आहे.

एफुन्शेतान अनिवुरा ही इबादानची सर्वांत गाजलेली इयालोदे. ‘अनिवुरा’ म्हणजे सोनं बाळगणारी. मूळची एग्बा या योरुबा गटातली, कर्तृत्व इबादानचं. तंबाखू, कापड, बंदुका, दारूगोळा यांचा व्यापार, मोठाल्या शेतवाड्या, आणि शेकडोंनी गुलाम. गुलामांचीही ती खरेदी-विक्री करत असे. हे झाकून तिचं चित्र रंगवता येणार नाही. तिचं वैभव ज्या युद्धांवर उभं होतं, त्या युद्धांत पकडलेली माणसंच तिच्या शेतांवर राबत होती.

तिची एकुलती एक मुलगी बाळंतपणात गेली. त्यानंतर ती फार कठोर झाली, असं परंपरा सांगते.

पण तिचा अंत मुलीच्या दुःखामुळे झाला नाही, हिशोबामुळे झाला. इबादानचे सरदार मोहिमेवर निघताना तिच्याकडून उधारीवर शस्त्रं नेत. परत आल्यावर पैसे देत नसत. शेवटी तिने उधारी बंद केली. तेव्हा इबादानची सत्ता सेनापती लातोसाकडे होती. त्याने तिच्यावर ठेवलेले आरोप जॉन्सनने नोंदवले आहेत : ती मोहिमेवर बरोबर आली नाही, तिने रसद पाठवली नाही, आणि सैन्य परतलं तेव्हा ती शहराच्या तटापाशी स्वागताला आली नाही. तिन्ही आरोप नीट वाचा. बाहेरच्या आईवर ठपका हाच, की ती बाहेर आली नाही. तिने दंड भरला. तरी १ मे १८७४ रोजी तिची पदवी काढून घेतली गेली, आणि जूनअखेरच्या रात्री तिच्याच गुलामांना फितवून तिला झोपेत मारण्यात आलं. गाव हादरलं. सरदारांनीच खुलाशाची मागणी केली, आणि देहदंड झाला तो गुलामांना. ज्याच्यासाठी खून झाला, तो पुढे अकरा वर्षं सत्तेवर राहिला.

अकिनवुमी इशोला यांनी योरुबा भाषेत तिच्यावर नाटक लिहिलं. ते १९७० मध्ये पुस्तकरूपाने आलं आणि तुफान लोकप्रिय झालं. त्यातली एफुन्शेतान गर्भार गुलाम बाईला ठार करवते आणि शेवटी स्वतः विष घेते. म्हणजे रंगभूमीवर तिचा खून पुसला गेला आणि आत्महत्या आली. आवे यांनी पुढे या चित्राला इतिहासाच्या बाजूने उत्तर दिलं : क्रूरपणा होता, पण त्या काळच्या सगळ्याच गुलामधन्यांचा होता, आणि तिला मारणाऱ्यांचा खरा राग तिच्या थकलेल्या येण्यांवर होता. मला आवे यांचं म्हणणं पटतं. तरीही इशोलांनी त्या गर्भार गुलाम बाईला रंगमंचावर नाव आणि आवाज दिला, हेही विसरू नये. तिला कुणी पदवी दिली नव्हती.

एफुन्रोये टिनुबूची कथा दुसऱ्या वळणाने जाते. बादाग्री आणि लागोस या बंदरांत तंबाखू, मीठ आणि गुलाम यांच्या व्यापारावर ती गबर झाली, आणि लागोसच्या गादीवर कोण बसणार यात तिचं वजन पडू लागलं. १८५१ मध्ये ब्रिटिशांनी लागोसवर तोफा डागल्या. पुढे आलेल्या बेंजामिन कॅम्पबेल या ब्रिटिश वाणिज्यदूताला तिचं हे वजन सहन झालं नाही, आणि १८५६ मध्ये तिला लागोसमधून हाकललं गेलं. ती एग्बांच्या अबेओकुटा शहरात गेली. १८६४ मध्ये दाहोमे राज्याच्या सैन्याने अबेओकुटावर चाल केली. त्या सैन्यात दाहोमेच्या प्रसिद्ध स्त्रीसैनिकांच्या पलटणी होत्या. तटाच्या आत बंदुका आणि दारूगोळा पुरवणारी टिनुबूही स्त्रीच होती. दाहोमेचा पराभव झाला, आणि त्याच वर्षी टिनुबू अख्ख्या एग्बा प्रदेशाची इयालोदे झाली.

ब्रिटिश राजवट पुरती बसल्यावर या पदाचं काय झालं? ते कुणी रद्द केलं नाही. ते फक्त कारभारातून गळलं. अप्रत्यक्ष राज्यकारभाराच्या पद्धतीत साहेबाला बोलायला एकच राजा पुरे होता. अबेओकुटाच्या आलाकेला, म्हणजे राजाला, ‘एकमेव स्थानिक सत्ताधीश’ ठरवलं गेलं आणि त्याच्या मंडळात बाईला जागा उरली नाही. कर मात्र बायकांनाही होता, नवऱ्यापेक्षा वेगळा, स्वतःच्या नावावर. सभेत बाई दिसत नव्हती, वसुलीच्या वहीत दिसत होती.

लागोसमध्ये एरेको बाजारातली मासळी विकणारी अलिमोतू पेलेवुरा, जिला लिहिता-वाचता येत नव्हतं, ती १९४० च्या दशकात बाजारकरणींना घेऊन कराविरुद्ध आणि गारीच्या, म्हणजे कसावाच्या रव्याच्या, सरकारी दरांविरुद्ध उभी राहिली. अबेओकुटात फुनमिलायो रॅन्सम-कुटी या शिक्षिकेने शिकलेल्या बायकांचं मंडळ बाजारातल्या बायकांसाठी खुलं केलं, आणि १९४६ मध्ये त्याची अबेओकुटा महिला संघटना झाली. नोव्हेंबर १९४७ च्या अखेरीस हजारो बायका आलाकेच्या वाड्याबाहेर रात्रभर बसून राहिल्या. लहानग्या वोले सोयिंकाने ही चळवळ डोळ्यांनी पाहिली आणि पुढे ‘आके’ या आठवणींच्या पुस्तकात लिहिली. १९४८ मध्ये बायकांवरचा कर थांबला, जानेवारी १९४९ मध्ये आलाकेला पायउतार व्हावं लागलं, आणि हंगामी मंडळात चार बायका आल्या.

या लढ्यातली एक हकीकत मला सगळ्यात बोलकी वाटते. ओरो हा पुरुषांचा गूढ विधी. त्याचा आवाज घुमू लागला की बायकांनी दारं लावून आत बसायचं, पाहायचंसुद्धा नाही. मोर्चा पांगवण्यासाठी ओरोची काठी बाहेर काढली गेली. सांगतात, की कुटीबाईंनी ती काठी हिसकावली आणि आपल्या घरात, येणाऱ्याजाणाऱ्याला दिसेल अशी लावून ठेवली.

अभ्यासकांत एक वाद अजून चालू आहे. ओयेरोन्के ओयेवुमी यांनी १९९७ मधल्या ग्रंथात मांडलं, की वसाहतीपूर्व योरुबा समाज स्त्री-पुरुष या भेदावर नव्हे, वयाच्या आणि घरातल्या ज्येष्ठतेच्या क्रमावर उभा होता. योरुबात ‘तो’ आणि ‘ती’ यांना एकच सर्वनाम आहे, हा त्यांचा भक्कम पुरावा. तेव्हा इयालोदेला ‘स्त्रियांची प्रतिनिधी’ म्हणणं हेच पाश्चात्त्य चष्म्याचं लक्षण नाही का? सर्वनामाचा पुरावा मला मोठा वाटतो. पण शांगोच्या, ओशुनच्या, इबादानच्या आणि बाजाराच्या पदव्यांत पुन्हापुन्हा ‘इया’च का येते, याचं उत्तर सर्वनामात नाही. त्यांनीही पुढे २०१६ मध्ये ‘इया’ या एका शब्दाभोवतीच दुसरा ग्रंथ रचला.

आज ही पदवी मानाची आहे, अधिकाराची फारशी नाही. तरी ती रिकामी झालेली नाही. एग्बांची इयालोदे अलाबा लॉसन या शिक्षणसंस्थाचालक होत्या, आणि नायजेरियाच्या व्यापार-उद्योग महासंघाच्या पहिल्या स्त्री अध्यक्ष झाल्या. २०२३ मध्ये त्या गेल्या.

अबेओकुटात एका चौकाला टिनुबूच्या स्मरणार्थ ‘इता इयालोदे’ म्हणतात. ‘इता’ म्हणजे अंगणाबाहेरची मोकळी जागा, म्हणजे पुन्हा ‘बाहेर’च. चौकाच्या नावात बाहेर दोनदा येतं, आणि त्या दोन ‘बाहेर’च्या मधोमध आई उभी आहे.