कानाला हेडफोन लावलेला मालक

प्रभात फिल्म कंपनीवर लिहा, असं संपादकांनी सांगितलं तेव्हा डोळ्यांपुढे व्ही. शांतारामच आले. पण पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये, म्हणजे प्रभातच्याच जुन्या आवारात शिरलो आणि मन विष्णुपंत दामल्यांपाशी अडकलं.

कंपनीचा इतिहास बहुतेकांना ठाऊक आहे. १९२९ साली कोल्हापुरात शांताराम, दामले, फत्तेलाल, धायबर आणि सीताराम कुलकर्णी अशा पाच भागीदारांनी ती काढली आणि १९३३ मध्ये बिऱ्हाड पुण्याला हलवलं.

दामले मूळचे पेणचे, तयार झाले कोल्हापुरात चित्रपट काढणाऱ्या बाबूराव पेंटरांच्या हाताखाली. १९१८ च्या सुमारास या मंडळींनी चित्रपटाचा कॅमेरा घरीच बनवला. कॅमेऱ्यात खरी मेख एकच. फिल्म सरकत असताना झडप बंद हवी आणि झडप उघडी असताना फिल्म जागच्या जागी थांबायला हवी, तेही सेकंदाला पंधरा-सोळा वेळा. दात्यात जरा फरक पडला की पडद्यावर चित्र थरथरणार. ज्या माणसानं ही कटकट स्वतःच्या हातांनी निस्तरली, त्याला पुढे स्टुडिओत कोणी काय थापा मारणार?

बोलपट आले. १९३२ च्या ‘अयोध्येचा राजा’पासून दामल्यांनी ध्वनीचं खातं घेतलं. माइकमधला आवाज विजेत, वीज प्रकाशाच्या थरथरीत, आणि ती थरथर फिल्मच्या कडेच्या अरुंद पट्टीवर उमटायची. रसायनशाळेत धुलाई चुकली तरी गाणं खरखरायचं. त्या काळी नट गात गातच अभिनय करायचा आणि वाजवणारे कॅमेऱ्याच्या नजरेआड बसायचे. शेवटच्या ओळीला कोणी खोकलं की सगळं पहिल्यापासून! टेक घ्यायचा की सोडायचा, हे कानाला हेडफोन लावून बसलेला माणूस सांगायचा, आणि इथे तो माणूस कंपनीचा मालकच होता. वाया जाणाऱ्या फिल्मचे पैसेही त्याच्याच खिशातले. हे मला फार मोठं वाटतं.

१९३६ चा ‘संत तुकाराम’ त्यांनी फत्तेलालांबरोबर दिग्दर्शित केला. पुढच्या वर्षी व्हेनिसच्या महोत्सवात त्याचा गौरव झाला. तुकारामांच्या भूमिकेतल्या विष्णुपंत पागनिसांचा अभंग आणि गौरीबाईंनी रंगवलेल्या त्यांच्या बायकोचा, जिजाईचा, तोंडाचा पट्टा, दोन्ही आजही कानात स्वच्छ उतरतात. जिजाईच्या रागामागची उपाशी लेकरांची काळजीसुद्धा ऐकू येते.

१९४२ मध्ये शांताराम बाहेर पडले. १९४५ मध्ये दामले गेले. त्यानंतरही प्रभातनं चित्रपट काढले, देव आनंदला पहिली संधी दिली, गुरुदत्त इथेच उमेदवारी करत होता. पण जमेना. १९५३ पर्यंत कंपनी बंद पडली. १९६० मध्ये इन्स्टिट्यूट आली म्हणून निदान वास्तू तरी वाचली.

फिल्मचं तसं झालं नाही. त्या काळची नायट्रेट फिल्म ज्वालाग्राही. एकदा पेटली की पाण्याखालीही जळत राहते, कारण जळायला लागणारा प्राणवायू तिच्या स्वतःतच असतो. नुसती ठेवून दिली तरी ती आतून कुजते, चिकट होते, शेवटी भुकटी होते. म्हणून थंडावा हवा, वरचेवर तपासणी हवी, वेळेत नवी प्रत काढायला हवी. राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाच्या, याच आवारातल्या कोठारात जानेवारी २००३ मध्ये आग लागली आणि नायट्रेटवरची हजारो रिळं गेली. एवढ्या माणसांनी श्वास रोखून टिपलेले आवाज असे जळावेत, हे मला अजून सहन होत नाही.

परतताना एका स्टुडिओचं दार किलकिलं होतं. आत विद्यार्थ्यांचं चित्रीकरण चाललेलं. हेडफोन घातलेल्या मुलीनं अचानक हात वर केला. बाहेर कावळा ओरडला होता. सगळे निमूटपणे आपापल्या पहिल्या जागी गेले.