पाटोदा तालुका

पाटोदा तालुका हा महाराष्ट्र राज्यातील बीड जिल्ह्याच्या ११ तालुक्यांपैकी एक आहे. पाटोदा हे तालुक्याचे मुख्यालय असून तेथे नगरपंचायत आहे. विधानसभेसाठी हा तालुका आष्टी मतदारसंघात मोडतो. १९४८ पर्यंत हा प्रदेश हैदराबाद संस्थानात होता.

== भूगोल ==
तालुका बालाघाट डोंगररांगेच्या पठारावर, सह्याद्रीच्या पर्जन्यछायेत वसला आहे. जमीन बहुतांशी हलकी व मुरमाड असून पाऊस कमी आणि बेभरवशाचा आहे. हे पठार दोन मोठ्या खोऱ्यांचा जलविभाजक आहे. गोदावरीची उपनदी मांजरा येथे उगम पावते व पूर्वेकडे जाते, तर विंचरणा नदी सौताडा येथे खोल दरीत कोसळून पुढे जामखेडमार्गे सीना नदीला, म्हणजेच भीमेच्या खोऱ्यात मिळते. सौताड्याच्या दरीत रामेश्वराचे मंदिर असून पावसाळ्यात धबधबा पाहण्यासाठी तेथे गर्दी होते.

मांजरेवर केज तालुक्यात धनेगाव येथे धरण आहे. लातूर शहर याच पाण्यावर अवलंबून असते. २०१६ साली हे धरण कोरडे पडले, तेव्हा लातूरला मिरजेहून रेल्वेने पाणी आणावे लागले. उगमाकडील गावांना मात्र नदीचा फारसा उपयोग होत नाही. येथे तिचे पात्र लहान असून पावसाळा सरताच ते आटते.

नायगाव परिसरात १९९४ साली घोषित झालेले मयूर अभयारण्य आहे. बालाघाटाच्या उतारांवर सीताफळाची झाडे विपुल असून बीडच्या सीताफळास भौगोलिक मानांकन मिळाले आहे.

== समाजजीवन ==
रब्बी ज्वारी, बाजरी, तूर, उडीद व कापूस ही येथील प्रमुख पिके होत. कोरडवाहू शेतीवर वर्ष निभत नसल्याने दिवाळीच्या सुमारास असंख्य कुटुंबे ऊसतोडीसाठी पश्चिम महाराष्ट्र व कर्नाटकातील साखर कारखान्यांकडे जातात. मुकादमाकडून आगाऊ घेतलेल्या रकमेला 'उचल' म्हणतात. पती-पत्नीची जोडी मिळून एक 'कोयता' धरला जातो, व उचलही कोयत्यामागे ठरते. त्यामुळे एकाचा खाडा झाला तरी तोटा दोघांचा होतो. ही गोष्ट स्त्रियांच्या आरोग्याशी थेट निगडित आहे: २०१९ साली जिल्ह्यात झालेल्या सर्वेक्षणात ८२ हजारांहून अधिक ऊसतोड महिलांपैकी १३ हजारांहून अधिक महिलांची गर्भाशये काढलेली आढळली.

हंगामात गावात प्रामुख्याने वृद्ध व मुले उरतात. मुलांचे शिक्षण खंडित होऊ नये यासाठी शाळांतून हंगामी वसतिगृहे चालविली जातात. तरीही आईवडिलांबरोबर फडावर जाणारी मुले आहेत.

चिंचोली येथील गहिनीनाथगडावर संत वामनभाऊ महाराजांची समाधी आहे. पुण्यतिथीस तेथे मोठा जनसमुदाय जमतो व आषाढीस गडाची दिंडी पंढरपूरला जाते. आषाढीपर्यंत ऊसतोडीचा हंगाम आटोपून कुटुंबे गावी परतलेली असतात.