कार्बनचा माग काढणारा कादंबरीकार

विठ्ठलवाडीच्या फलाटावर कर्जत लोकलची वाट बघता ना, तेव्हा खाली रूळ दिसतात. त्यातलं लोखंड खाणीतून आलं, हे तुम्हाला शाळेत सांगितलंय. पण खाणीत ते आलं कुठून? हे कोडं सोडवणाऱ्यांत एक इंग्रज कादंबरीकार होता. हसू नका रे, खरंच सांगतोय.

फ्रेड हॉयल त्याचं नाव. १९१५ साली यॉर्कशरमधल्या बिंग्ली गावी जन्मला. लहानपणी शाळा बुडवून खुशाल भटकायचा. तेवढं मात्र तुम्ही उचलू नका. पुढे केंब्रिजला गणित शिकला, युद्धात रडारवर काम केलं आणि मग ताऱ्यांच्या मागे लागला. १९५७ साली त्याची ‘द ब्लॅक क्लाउड’ ही थरारक कादंबरी आली. अवकाशातून वायूचा अवाढव्य ढग येतो, सूर्य झाकोळतो, पृथ्वी गारठते, माणसं मरतात. आणि शास्त्रज्ञांच्या ध्यानात येतं की हा ढग जिवंत आहे, वर आपल्यापेक्षा हुशार! पुढे बीबीसीवर त्याची ‘ए फॉर अँड्रोमेडा’ ही मालिका गाजली, मुलगा जेफ्री याच्याबरोबरही त्याने कादंबऱ्या लिहिल्या.

पण मला विचाराल तर त्याची सगळ्यात भारी रहस्यकथा खरी घडलेली आहे.

ताऱ्याच्या पोटात हायड्रोजनचा हेलियम होतो. तीन हेलियम एकत्र आले की कार्बन. इथेच घोडं अडत होतं. दोन हेलियम जुळून जे बेरिलियम होतं, ते जन्मताच फुटतं. पापणी लवायला लागतो त्याच्या अब्जाव्या हिश्शाइतकंही टिकत नाही. धावत्या लोकलच्या दारात दोघं लोंबकळतायत, ते पडायच्या आत तिसऱ्याने उडी मारून तिघांनी आत शिरायचं, असला प्रकार! हिशेब केला तर कार्बन नावापुरताच बनायला हवा. मग तुम्ही-मी कुठून आलो?

हॉयलने गुप्तहेरासारखा उलटा विचार केला. कार्बन तर जगात भरपूर आहे. त्याअर्थी कार्बनच्या अणुकेंद्रकात ऊर्जेची एक पायरी नेमक्या उंचीवर असलीच पाहिजे, म्हणजे तिसरा हेलियम तिच्यावर अलगद टेकेल. १९५३ साली तो कॅलिफोर्नियात विली फाउलरच्या प्रयोगशाळेत गेला आणि म्हणाला, ही पायरी शोधा. बाकीच्यांना ते विचित्रच वाटलं. पण शोधली, आणि सापडली! ७.६५ दशलक्ष इलेक्ट्रॉन व्होल्टवर, त्याने सांगितलं होतं त्याच्या अगदी जवळ.

मग १९५७ सालीच हॉयल, फाउलर आणि बर्बिज पती-पत्नी यांनी बाकीच्या मूलद्रव्यांचीही कुंडली मांडली. मोठे तारे आपल्या पोटात लोखंडापर्यंत मजल मारतात आणि शेवटी फुटून सगळं अवकाशात उधळतात. १९८३ साली नोबेल मिळालं ते फाउलरला, चंद्रशेखर यांच्याबरोबर. हॉयलला वगळलं. मला हे आजही पटत नाही. आता, माणूस भांडकुदळ होता हेही खरं. विश्वाच्या ज्या सिद्धांताला त्याने रेडिओवर ‘बिग बँग’ हे नाव दिलं, तो त्याने जन्मभर मानला नाही.

कोल्हापुरात जन्मलेला एक मुलगा त्याच १९५७ साली केंब्रिजला पोचला आणि पुढे हॉयलचा शिष्य झाला. जयंत नारळीकर! गुरूची कादंबऱ्यांची खोडही त्यांना लागली. १९७४ साली मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेला त्यांनी ‘कृष्णविवर’ ही कथा पाठवली, तीही नारायण विनायक जगताप या नावाने. आद्याक्षरं उलटी लावून बघा! पहिलं बक्षीस मिळालं.

फुटणाऱ्या ताऱ्यांवरून आठवलं, आपल्या अंबरनाथचं शिवमंदिर. तिथल्या शिलालेखात शक ९८२ आहे, म्हणजे इ.स. १०६०. त्याच्या सहाच वर्षं आधी, जुलै १०५४ मध्ये, एक तारा असा फुटताना दिसला की चिनी लोकांनी तो २३ दिवस दिवसाउजेडी पाहिला. आपल्या रुळांतलं लोखंड त्याचं नव्हे, ते पृथ्वीच्याही आधीच्या ताऱ्यांचं. पण आपल्याकडे तो कोणी पाहिला का? नारळीकरांनी संस्कृतच्या विदुषी सरोजा भाटे यांच्याबरोबर जुने ग्रंथ धुंडाळले. पक्की नोंद हाती लागली नाही. जुलैत इथे ढग असतात, हे कबूल. पण रात्रीच्या आकाशात तो जवळजवळ पावणेदोन वर्षं दिसत होता, म्हणजे नुसत्या पावसाळ्यावर खापर फोडता येत नाही.