माउलीचे दार

आषाढ महिना लागला की माणदेशातील वाटांवर पंढरीच्या दिंड्या दिसू लागतात. आटपाडीहून पूर्वेस सांगोला, आणि सांगोल्याहून ईशान्येस पंढरपूर. ह्या वाटेने जाणारे वारकरी परस्परांस 'माउली' म्हणून हाक मारतात. हाक मारणारा दाढीमिशांचा शेतकरी असतो आणि ओ देणाराही तसाच असतो. कोणास त्यात विचित्र असे काही वाटत नाही. ज्याच्या भेटीस जावयाचे तो विठोबा कटीवर कर ठेवून उभा असलेला पुरुष देव. परंतु भक्तांच्या तोंडी तो 'विठाई' होतो. ज्ञानेश्वरांनी १२९६ साली समाधी घेतली तेव्हा ते अवघे एकवीस वर्षांचे ब्रह्मचारी होते असे परंपरा मानते. त्या तरुणासच सारा महाराष्ट्र माउली म्हणतो. मातृत्व हे आपल्याकडे केवळ स्त्रीदेहाचे लक्षण राहिले नाही, ते एका नात्याचे नाव झाले.

हे नाते मातीपर्यंत उतरलेले आहे. गावाची वस्ती ती पांढरी आणि पिकाची जमीन ती काळी. त्यातही पांढरीस कोणी आई म्हणत नाही, काळीस मात्र म्हणतात. माणदेशात ही काळी आई मोठी कठोर. पाऊस तोकडा, ओढे कोरडे. म्हणून येथील कोणी मेंढरे घेऊन दूरदेशी हिंडले, तर कोणी सोन्याचांदीच्या गलाईचे काम शिकून हिंदुस्थानभर पांगले. तिने पोट भरले नाही म्हणून तिचे आईपण मात्र कोणी काढून घेतले नाही! आटपाडी पूर्वी औंध संस्थानात होती आणि औंधच्या राजघराण्याची कुलदेवता यमाई. 'ये माई' अशी हाक श्रीरामचंद्रांनी देवीस मारली, तिचेच यमाई झाले, असे लोक सांगतात. व्युत्पत्ती म्हणून पंडित तिला मान देणार नाहीत. परंतु देवीचे नाव हाकेतून निघाले असे लोकांना वाटावे, ह्यातच त्यांचे मन दिसते.

असेच आणखी एक राष्ट्र म्हणजे रशिया. तेथील खेडुतांनीही भूमीस 'ओलसर माती-माता' म्हटले आणि आपण कृष्णेस कृष्णामाई म्हणतो तसे व्होल्गा नदीस 'मातुष्का' म्हटले. मॅक्झिम गॉर्की ह्यांची 'आई' ही कादंबरी १९०६ साली लिहिली गेली; तिच्यातील कामगाराची भित्री, दबलेली आई पुत्राच्या मागोमाग स्वतः लढ्यात उतरते. पुढे १९४१ च्या जूनमध्ये जर्मनीने स्वारी केली, तेव्हा इराक्ली तोइद्झे ह्या चित्रकाराने एक भित्तिपत्रक काढले. तांबड्या वस्त्रातील एक प्रौढ स्त्री, मागे संगिनींची दाटी, हाती सैनिकाच्या शपथेचा कागद : मातृभूमी हाक मारीत आहे! स्टालिनग्राडच्या रणभूमीवर, म्हणजे आजच्या व्होल्गोग्राडमध्ये, १९६७ साली ह्याच मातेचा ८५ मीटर उंच पुतळा उभारण्यात आला. तिच्या हाती उपसलेली तलवार आहे.

ह्या प्रतीकात हाक आई मारते आणि लेकाने जावयाचे असते. आपल्याकडेही भारतमातेच्या कल्पनेत ही हाक आहे, जिजाबाईंच्या स्मरणातही आहे. अशी हाक राष्ट्रास संकटात तारते हे खरे; तथापि तिच्यात एक धोकाही आहे. आईच्या नावाने कोण बोलत आहे, हे लेकरू विचारीत नाही. रशियात १९८९ साली सैनिकांच्या मातांनी आपली समिती स्थापन केली आणि पुढे चेचन्याच्या युद्धात काही माता आपल्या मुलांना परत आणण्यासाठी थेट रणक्षेत्रात गेल्या. दगडाच्या मातेस हाडामांसाच्या मातांनी दिलेले ते उत्तर होते.

पंढरीची माउली ह्याहून निराळी. येथे हाक लेकरू मारते आणि यावयाचे असते आईने. संत जनाबाई दळणकांडण करताना ज्यास बोलावीत, तो दासीच्या जात्याशी येऊन बसे, अशी कथा आहे. आईने लेकरांत भेद करावयाचा नसतो, म्हणून हे प्रतीक नुसते गोड नाही. तो एक दावा आहे. ज्या क्षणी देवास आई म्हटले, त्या क्षणी त्याच्या दारातून कोणास परत फिरविण्याचा अधिकार संपला.

पण तो व्यवहारात संपला नाही. मंगळवेढ्याचे संत चोखामेळा जातीने महार. विठाईस हाक मारण्यात त्यांचा आवाज इतर कोणाहून उणा नव्हता. तरी त्यांना देवळाबाहेर उभे राहावे लागले. मंगळवेढ्यास गावकुसाचे काम चालू असता भिंत कोसळून १३३८ साली त्यांचा अंत झाला असे मानतात. त्यांची समाधी महाद्वारापाशी आहे, आत नाही.

त्यानंतर सहा शतकांनी हा दावा पुन्हा मांडला तो पांडुरंग सदाशिव साने ह्यांनी. साने गुरुजींनी 'श्यामची आई' हे पुस्तक १९३३ च्या फेब्रुवारीत नाशिकच्या तुरुंगात लिहिले. त्यात एक महारीण वृद्धा मोळी उचलता न येऊन खोळंबलेली असते. आई श्यामला सांगते की, जा, तिला हात दे आणि मग घरी येऊन स्नान कर. पुष्कळ वाचक ह्या स्नानापाशी अडखळतात. परंतु त्या काळच्या कोकणातील ब्राह्मण घरातील ती स्त्री. रूढी मोडण्याचे बळ तिच्यापाशी नव्हते, पण रूढीने हात बांधू द्यावयाचे नाहीत, एवढे तिला कळत होते. स्नान काढून टाकण्याचे काम पुत्राकडे राहिले.

ते त्याने पंढरपुरात केले. विठ्ठल मंदिर हरिजनांस खुले व्हावे म्हणून प्रथम महाराष्ट्रभर दौरा करून, १ मे १९४७ रोजी गुरुजींनी तनपुरे महाराजांच्या मठात उपोषण आरंभिले. ते १० मे रोजी, मंदिर खुले करण्याचे मान्य झाल्यावर सुटले. आईच्या प्रतीकावर पुस्तक लिहिणारा आणि त्याच प्रतीकापायी प्राण पणास लावणारा मनुष्य एकच, हा योगायोग मानणे कठीण आहे.

त्या वेळी आटपाडीचे एक तरुण शंकरराव खरात पंचविशीत होते. तेथील महारवाड्यात, तराळाच्या घरी १९२१ साली त्यांचा जन्म झाला. पुढे ते मराठवाडा विद्यापीठाचे कुलगुरू झाले आणि १९८४ साली जळगावच्या मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्षही. 'तराळ-अंतराळ' ह्या त्यांच्या आत्मचरित्रात, ज्यांना दाराबाहेर ठेवले त्यांच्या बाजूने माणदेश कसा दिसे, ते वाचावयास मिळते. दिंडीचे कौतुक करणाऱ्याने तेही वाचावे.

आज वारकरी महाद्वारी आला की प्रथम नामदेवांच्या पायरीस हात लावतो, समोर चोखोबांच्या समाधीपुढे माथा टेकतो आणि मग आत जातो. १९४७ पर्यंत चोखोबांच्या जातभाईंची वारी त्या समाधीपाशीच संपत असे.