अपंगत्वाची टक्केवारी आणि पोटाचा प्रश्न

वाहनाच्या धडकेने माणूस दगावला, तर त्याच्या कुटुंबास द्यावयाच्या नुकसानभरपाईचे गणित न्यायालयांनी आता बरेचसे निश्चित केले आहे. जो जखमी होऊन जगतो, त्याच्या दाव्याचा निवाडा मात्र अधिक अवघड ठरतो. मृताची कमाई संपली हे उघड असते. हात वा पाय गमावलेल्याची कमाई किती संपली हे सिद्ध करावे लागते, आणि तो भार त्या जायबंदी माणसावरच पडतो.

1939 च्या मोटार वाहन कायद्यात 1956 साली दुरुस्ती होऊन दावा न्यायाधिकरणांची तरतूद झाली. तरीही चालकाचा निष्काळजीपणा सिद्ध केल्यावाचून भरपाई मिळणे कठीणच होते. दोष कोणाचा हे न पाहता कायमच्या अपंगत्वाबद्दल 7,500 रुपये देण्याची सोय झाली ती 1982 च्या दुरुस्तीने. 2019 च्या दुरुस्तीने गंभीर दुखापतीसाठी अशी रक्कम अडीच लाखांवर नेली. परंतु उभ्या आयुष्याच्या नुकसानीची भरपाई ज्याला हवी आहे, त्याला न्यायाधिकरणाची पायरी चढावीच लागते. आणि तेथे वाद सुरू होतो तो टक्केवारीचा.

डॉक्टरांच्या दाखल्यात अवयवाच्या हानीचे माप असते, धंद्याच्या हानीचे नसते. सर्वोच्च न्यायालयाने 2010 साली हा भेद स्पष्ट करताना दिलेले उदाहरण बोलके आहे. डावा हात तुटला तर शारीरिक अपंगत्व सुमारे 60 टक्के धरले जाईल. पण तो हात सुताराचा वा मोटारचालकाचा असेल, तर कमाईची हानी जवळजवळ शंभर टक्के होऊ शकते. सरकारी कारकुनाची नोकरी मात्र त्याच दुखापतीनंतर टिकू शकते. बत्तीस वर्षांच्या, दरमहा 15,000 रुपये मिळविणाऱ्या सुताराचा हिशेब करून पाहावा. वार्षिक कमाई 1,80,000 रुपये. 2009 च्या निवाड्यानुसार या वयाचा गुणक 16. भविष्यातील वाढ बाजूला ठेवली, तरी पूर्ण हानीची रक्कम 28,80,000 रुपये होते. दाखल्यावरचे 60 टक्केच प्रमाण मानले, तर ती 17,28,000 वर येते. साडेअकरा लाखांचा हा फरक एका शब्दाच्या अर्थावर अवलंबून असतो!

हे तत्त्व दुधारी आहे, हेही मान्य केले पाहिजे. 2010 च्या त्याच प्रकरणातील विक्रेत्याच्या पायाचे अपंगत्व 45 टक्के असूनही कमाईची हानी न्यायालयाने 20 टक्केच धरली. तेव्हा तक्रार तत्त्वाविषयी नाही. दावेदार नेमके कोणते काम करीत होता, त्यातले कोणते त्याला अजून जमते आणि कोणते कायमचे सुटले, ही चौकशी प्रत्यक्षात किती कसोशीने होते, हा खरा प्रश्न आहे.

ती होण्यास पुरावा लागतो, आणि तोच गरिबापाशी नसतो. नाक्यावर उभ्या राहणाऱ्या मजुराला पगारपत्रक कोण देणार? मुकादम साक्षीस येत नाही. घर आणि शेत दोन्ही सांभाळणाऱ्या बाईचा खांदा निखळला, तर तिच्या श्रमांची नोंद कोठेच सापडत नाही. गृहिणीच्या कामास आर्थिक मोल आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने 2021 साली पुन्हा बजावले. पण ते मोल मांडण्यासाठी ती दिवसभर काय काय करीत होती, हे वकिलाने विचारावयास हवे. अनेकदा तेही विचारले जात नाही.

डॉक्टरांची साक्ष हा तर दाव्याचा कणाच. शस्त्रक्रिया सोडून दिवसभर न्यायालयात ताटकळणे त्यांना परवडत नाही आणि केवळ दाखला सादर केला, तर विमा कंपनी त्यास आक्षेप घेते. यावरचा उपाय 2010 च्या निकालातच सुचविलेला आहे: डॉक्टरांना निश्चित वेळ द्यावी, त्यांची साक्ष अग्रक्रमाने नोंदवावी, आवश्यक तर आयुक्त नेमून रुग्णालयातच ती घ्यावी. त्यासाठी नव्या कायद्याची गरज नाही. आता दूरदृश्य प्रणालीची सोयही झाली आहे. अशी सोय ज्याला मिळत नाही, तो जखमी तारखांमागून तारखा पाहतो; दरम्यान उपचारांसाठी काढलेले कर्ज वाढत राहते. मग लोकअदालतीत तडजोडीचा आकडा पुढे येतो, तेव्हा तो दाखल्यावरच्या टक्केवारीवर बेतलेला आहे की बुडालेल्या धंद्यावर, हे विचारण्याचे त्राण त्याच्यात उरलेले नसते. सावकार दारात उभा असतो, आणि तो सही करतो.