कारंज्याच्या तीन गाद्या

वाशीम जिल्ह्यातील कारंजा हे दत्तसंप्रदायात नृसिंह सरस्वतींचे जन्मस्थान म्हणून सर्वश्रुत असले, तरी दिगंबर जैनांच्या भट्टारकांच्या तीन स्वतंत्र गाद्या याच गावात शेजारीशेजारी नांदत होत्या, ही गोष्ट वऱ्हाडाबाहेर फारशी कोणाला ठाऊक नसते. भट्टारक म्हणजे वस्त्र धारण करून मठात राहणारा, मंदिरे व ग्रंथभांडारे सांभाळणारा आणि अनुयायांच्या धार्मिक तंट्यांचा निवाडा करणारा पीठाधीश. दिगंबर मुनीला वस्त्रासकट सर्व परिग्रहाचा, म्हणजे मालकीच्या प्रत्येक वस्तूचा, त्याग करावा लागतो; भट्टारकाच्या हाती मात्र मुनीची मोरपिसांची पिच्छी आणि कमंडलू, तर दाराशी पालखी, छत्र व चामरे, असा वैराग्य आणि वैभव यांचा विलक्षण मेळ असे.

या पदाची तुलना ख्रिस्ती बिशपशी करण्याचा मोह होतो, आणि ती काही अंशी जुळतेही. परंतु बिशपचा अधिकार मुख्यतः भूप्रदेशावर चालतो. अँग्लिकन चर्चचा पॅसिफिक महासागरातील पॉलिनेशिया धर्मप्रांत १९०८ साली स्थापन झाला, त्याचे पीठ फिजीतील सुवा येथे आहे आणि फिजी, टोंगा, सामोआ अशा एकमेकांपासून शेकडो मैल दूर असलेल्या बेटांवर त्याची हद्द पसरलेली असली, तरी ती नकाशावर दाखवता येते. कारंज्याच्या भट्टारकाची हद्द नकाशावर दाखवता येणार नाही, कारण ती गावांवरून नव्हे, तर घराण्यांवरून ठरत असे. एकाच गावात तीन पीठे भांडणाविना कशी राहिली, याचे उत्तर बव्हंशी येथेच सापडते.

ही पीठे म्हणजे मूलसंघातील बलात्कारगण व सेनगण आणि त्यांहून वेगळा असा काष्ठासंघ. संघ, गण आणि गच्छ ही जैन मुनिपरंपरेच्या शाखा-उपशाखांची नावे आहेत. राजस्थानातून आलेल्या बघेरवाल ज्ञातीची ५२ गोत्रे मानली जातात व त्यांपैकी काही मूलसंघाची आणि काही काष्ठासंघाची अशी वाटणी परंपरेने सांगितली जाते, म्हणजे एकाच ज्ञातीतील कोणत्या घराने कोणाला गुरू मानायचे हे जन्मतःच ठरलेले असे. तिन्ही परंपरांची मंदिरे गावात आजही आहेत.

‘बलात्कारगण’ हे नाव आजच्या वाचकाला दचकवणारे आहे. मात्र अभ्यासकांच्या मते ते कर्नाटकातील ‘बळगार’ या स्थलनामाचे संस्कृत रूप असावे. पुढे अर्थ विसरला गेल्यावर, गिरनारवर पद्मनंदी आचार्यांनी सरस्वतीच्या दगडी मूर्तीला मंत्रबळाने बोलते केले अशी कथा या गणाशी जोडली गेली, आणि त्याच्या गच्छालाही सरस्वतीचे नाव आहे. या पीठावर देवेंद्रकीर्ती, धर्मचंद्र, धर्मभूषण ही नावे आलटूनपालटून येतात, सेनगणात बहुतेक नावे ‘सेन’ने संपतात, त्यामुळे कोणता देवेंद्रकीर्ती कोणत्या शतकातला, हे ठरवताना संशोधकांची पुरेवाट होते. कारंज्याचे बलात्कारगणी भट्टारक स्वतःला मलखेडच्या सिंहासनाचे अधीश म्हणवीत. मलखेड म्हणजे राष्ट्रकूटांची राजधानी मान्यखेट, जिचे वैभव तोवर केव्हाच लयाला गेले होते.

भट्टारकांच्या थाटामागे व्यापाऱ्यांचा पैसा होता. ‘कारंजा लाड’ या गावाच्या पूर्ण नावातील ‘लाड’ हा शब्दच लाड व्यापाऱ्यांची आठवण देतो, आणि १६७० मध्ये मराठ्यांनी या पेठेवर छापा घातला तो तिच्या संपत्तीमुळेच. त्याच शतकात गुजरातेतून आलेल्या शीलविजय या श्वेतांबर यतीने आपल्या तीर्थवर्णनात कारंज्याच्या श्रीमंत बघेरवाल श्रावकांची वाखाणणी केली आहे. या धनातून देव्हाऱ्यात मावतील अशा पितळी मूर्ती घडत, भट्टारक त्यांची प्रतिष्ठा करीत, आणि बोटभर रुंदीच्या बैठकीवर शक, संघ, गण, गच्छ, गुरूंची नामावळी आणि शेवटी दात्याचे गोत्र, इतके सारे दाटीवाटीने कोरले जाई. भट्टारकांचा इतिहास मुख्यत्वे अशाच ओळींतून जुळवावा लागतो. विद्याधर जोहरापूरकर यांनी १९५८ साली प्रसिद्ध झालेल्या ‘भट्टारक संप्रदाय’ या ग्रंथात हे काम मोठ्या चिकाटीने केले. गादीच्या आश्रयाने मराठी रचनाही झाली. अठराव्या शतकातील जिनसागर हा देवेंद्रकीर्तींचा शिष्य व्रतकथा लिहिताना संस्कृताऐवजी श्रावकांच्या घरातली भाषा वापरतो.

विसाव्या शतकात नग्न मुनींची परंपरा नव्याने बळावली, छापील ग्रंथ घरोघर पोहोचले आणि समाजाच्या संस्था उभ्या राहिल्या. कारंज्यातच १९१८ साली महावीर ब्रह्मचर्याश्रम सुरू झाला. कोल्हापूर, नांदणी येथील गाद्या टिकल्या, पण कारंज्याच्या तिन्ही गाद्या शतकाच्या पूर्वार्धापर्यंत रिकाम्या झाल्या. उरल्या त्या पोथ्या: सुट्ट्या पानांच्या, लाकडी फळ्यांमध्ये दाबलेल्या, कापडी वेष्टनात बांधलेल्या. त्यांत अपभ्रंश, म्हणजे प्राकृत आणि आजच्या भाषा यांच्या मधल्या टप्प्यावरील भाषेतील काव्ये होती. पुष्पदंताचे ‘णायकुमारचरिउ’ त्यांपैकीच. दहाव्या शतकात मान्यखेटात रचलेले हे काव्य हिरालाल जैन यांनी संपादित केले आणि १९३३ साली ते कारंज्याहून, देवेंद्रकीर्तींच्या नावाच्या ग्रंथमालेत, छापून बाहेर पडले.